जहाजाचं पासिंग

आमच्या हिंगोली जिल्ह्यात माणसाच्या आधी गाडीची ओळख काढतात. रस्त्याकडेला चहा पीत बसलेला कुणीही सांगेल, आता गेला तो ट्रक नांदेडचा, मागची जीप वाशिमची, आणि धूळ उडवत गेली ती मोटारसायकल आपलीच, एमएच अडतीस. ह्याला आम्ही पासिंग म्हणतो. पासिंग कळलं की गाडी कुठली, मालक कुठला आणि वेळ पडली तर कुणाच्या दारात जाऊन बसायचं, हे सगळं कळतं. माझ्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याला, म्हणजे आमच्या पाव्हण्यांना, ह्याचा नादच आहे. हट्ट्याजवळ एकदा बाहेरच्या एका टेम्पोनं त्यांचा बैल उडवला आणि टेम्पोवाला पळून गेला. पाव्हण्यांनी नंबर डोक्यात धरून ठेवला होता. दोन दिवसांत त्यांनी मालकाचं गाव शोधलं, चार माणसं घेऊन त्याच्या ओसरीवर जाऊन बसले, आणि बैलाची भरपाई घेऊनच उठले. तेव्हापासून त्यांचा पासिंगवर देवाइतका विश्वास आहे.

हे आधी सांगितलं, कारण पुढची सगळी चूक ह्यातूनच झाली. पण ती चूक पाव्हण्यांची नव्हती, माझी होती.

मी औंढ्याच्या एका शाळेत भूगोल शिकवते. अठ्ठावीस वर्षं झाली. माझा आवाज मोठा आहे, आणि मी बोलत असताना कुणी मधे बोललेलं मला चालत नाही. वर्गात ह्याचा उपयोग होतो. घरात आणि नात्यात लोक निमूटपणे ऐकून घेतात, त्याला मी आदर समजत आले.

बहिणीचा मुलगा बारावीनंतर कसलासा कोर्स करून जहाजावर खलाशी म्हणून लागला. त्यांच्या गावातून पाण्यावर गेलेलं हे पहिलंच माणूस. आमच्याकडे पाणी म्हणजे विहिरीचं, नाहीतर सिद्धेश्वरच्या कालव्याचं. समुद्र बघायचा तर एक अख्खा दिवस प्रवास करावा लागतो, आणि तो बघितलेली माणसं आमच्या भावकीत बोटावर मोजण्याइतकी. पोरानं फोटो पाठवला. नारिंगी कपडे घालून तो जहाजाच्या मागच्या बाजूला धक्क्यावर उभा, डोक्यामागे जहाजाचं नाव आणि त्याखाली मोठ्या इंग्रजी अक्षरांत 'मजुरो'. गावात त्या नावावरून व्हायचे ते विनोद झाले, ते सांगत बसत नाही. बहिणीनं फोटोला फ्रेम करून तो देव्हाऱ्याच्या शेजारी लावला.

मी गेले तेव्हा पाव्हण्यांनी फ्रेम खाली काढून माझ्या हातात दिली.

"आक्का, वरलं नाव जहाजाचं. आन् ह्ये खालचं म्हंजे पासिंग. बराबर हाय का?"

"अगदी बरोबर," मी म्हटलं. "मजुरो. मार्शल बेटांची राजधानी. प्रशांत महासागर."

मग मला राहवलं नाही. हातातली एक बांगडी काढून मी ती ओसरीवरच्या पाटीवर ठेवली आणि खडूनं तिच्या भोवती रेघ ओढली. कंकणद्वीप असंच शिकवते मी. पोवळ्यांचं बारीक कडं, आत शांत पाणी, बाहेर महासागर. ह्या कड्यावर मजुरो आहे. बहीण कौतुकानं बघत होती. आक्काला जगाचा नकाशा पाठ आहे, असं ती शेजारणींना नेहमी सांगते. अठ्ठावीस वर्षांत त्या बांगडीभोवती शेकडो वेळा मी खडू फिरवला असेल. त्या रेघेवर माणसं राहतात, हे एकदाही माझ्या तोंडून निघालं नव्हतं. तेव्हा ते माझ्या लक्षातही आलं नाही.

पुढच्या वर्षीची गोष्ट. माघ संपत आला होता, शेतातून हळद निघत होती. सकाळी शाळेला निघताना भाच्याचा आवाजी संदेश आला. त्यानं आईला नाही, मला पाठवला होता. "मावशी, आईला यकदम सांगू नको," अशी सुरुवात. जहाज आखातातल्या एका बंदराबाहेर नांगर टाकून दोन महिने उभं होतं. मालक फोन उचलत नव्हता. डिझेल संपत आलं म्हणून दिवसातून तासभरच जनरेटर लावायचे. खायला भात आणि कांदे. प्यायचं पाणी बाटलीनं मोजून, आणि अंघोळीला एसीच्या नळीतून गळलेलं. सोळा माणसं होती. खाली उतरायचं म्हटलं तर होडी नव्हती, पासपोर्ट कप्तानाकडे, आणि बंदरवाले म्हणत होते की माणसांवाचून जहाज सोडता येणार नाही.

माझा चपलेत घातलेला पाय तसाच राहिला. भूगोलात मी सागरी मार्ग शिकवते, बंदरं शिकवते, मालाची ने-आण शिकवते. एखादं जहाज माणसांसकट टाकून देता येतं, रस्त्याकडेला बिघडलेली गाडी सोडून जावं तसं, हे मला ठाऊक नव्हतं. मी ते पुन्हा ऐकलं. तिसऱ्यांदा ऐकताना कळलं, की पोरगं रडू येऊ नये म्हणून हळू बोलतंय.

दुपारी त्याला सिग्नल मिळाला आणि फोन लागला. आमचं बोलणं जेमतेम दोन मिनिटं झालं. ते मला शब्द न् शब्द आठवतं, कारण नंतर मी ते किती वेळा आठवलं त्याला गणती नाही.

"मावशी, हितं जेवायच्या खोलीत भिंतीला यक कागद लावल्याला हाय. इंग्रजीत हाय. त्याच्यावर कुणाचा तरी नंबर हाय. त्या नंबरला फोन करू देईना कप्तान. म्या फोटो..."

"भिंतीवरच्या कागदाचं राहू दे," मी म्हटलं. "आधी हे सांग, जहाजाच्या मागे मजुरोच लिहिलंय ना अजून?"

"व्हय, लिव्हल्यालं हाय. पर मावशी, ह्ये जहाज तिकडं कधी..."

"बस. ज्या देशाचं जहाज आहे, त्या देशालाच मी लिहिते. तू काळजी करू नको. बाकीचं माझ्यावर सोड."

"बरं," तो म्हणाला. लहानपणापासून माझ्याशी बोलताना तो शेवटी 'बरं'च म्हणतो.

संध्याकाळी बहीण आणि पाव्हणे आले. शेतात हळद शिजवायचा कुकर चालू होता, तो गड्यांवर सोडून आले होते. बहिणीचे हात कोपरापर्यंत पिवळे. ती नुसती माझ्या तोंडाकडे बघत बसली. पाव्हण्यांनी मात्र प्रश्न सोडवूनच आणला होता.

"पासिंग जिथलं, मालक तिथला. न्हाई तर पासिंग करणारं हापिस तरी तिथलंच. त्याच्या दारात जाऊन बसायचं. आपल्याला जाता येत न्हाई, तर अर्ज जाऊन बसंल. काहून न्हाई?"

मला ते पटलं. पटलं काय, मी ते आधीच ठरवून बसले होते. त्याच दुपारी मी इंग्रजीत अर्ज लिहून काढले होते. एक मजुरोच्या बंदराला, एक तिथल्या राष्ट्राध्यक्षांच्या कचेरीला, एक वाहतूक खात्याला. माझं इंग्रजी बी.एड.चं, तरी वाक्यं ठणठणीत होती. आपल्या देशाच्या जहाजावर आमचा मुलगा उपाशी आहे, आपण मालकास बोलावून घ्यावे. दुसऱ्या दिवशी टपालानंही पाठवायला गेले, तर खिडकीतल्या माणसानं यादी चाळत मला विचारलं, "बाई, ह्यो देश कोणत्या खंडात येतो?" मी त्याला खिडकीतून पाच मिनिटं प्रशांत महासागर शिकवला. मागे रांग उभी होती. मला तेव्हा बरं वाटत होतं, हेही खरं सांगते. संकटात आपलं शिकलेलं कामाला येतंय, असं वाटत होतं.

उत्तर येईना. मी रोज ईमेल तपासायची. वाट बघताना त्या देशाबद्दल वाचायला लागले, म्हणजे पुढच्या अर्जात चार गोष्टी घालता येतील. आणि वाचता वाचता अर्ज बाजूला राहिला.

क्रमिक पुस्तकात त्या बेटांना दीड ओळ आहे. त्या दीड ओळीत काय मावलं नाही ते असं. आधी जर्मनांनी ती बेटं घेतली, मग जपान्यांनी, मग दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या हाती आली. त्यांतल्या बिकिनी नावाच्या कंकणद्वीपावरच्या लोकांना एका रविवारी, प्रार्थना झाल्यावर, सांगितलं की थोड्या दिवसांसाठी बेट सोडा. माणसं उठली. मग तिथे अणुबॉम्ब फोडून बघितले. एक नाही, दोन नाही. बारा वर्षं त्या बेटांवर स्फोट चालले होते. त्यांतल्या एका स्फोटाची राख वाऱ्यानं शेजारच्या बेटावर पडली, पांढरी, पिठासारखी. लेकरं त्या राखेत खेळली. संध्याकाळपर्यंत त्यांच्या अंगाची आग व्हायला लागली. आणि ज्यांना उठवलं होतं त्यांना दुसऱ्या ओसाड बेटावर नेऊन ठेवलं, तिथे ती उपाशी राहिली. 'बिकिनी' हा शब्द वर्गात आला की पोरं खुदखुदतात म्हणून मी तो शब्द गाळूनच शिकवायची. एवढाच माझा त्या बेटाशी संबंध.

ते वाचलं तेव्हा मी शिक्षकांच्या खोलीत होते. समोर हजेरीपट उघडा होता. मला राग आला, तो कुणावर हे कळेना. अमेरिकेवर आला, तो सोपा होता. मग पुस्तक करणाऱ्यांवर आला. शेवटी माझ्या बांगडीवर आला.

बहीण आली तेव्हा मी तिला सगळं सांगितलं. हळद आता वाळत पडली होती, हात तसेच पिवळे होते. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "आक्का, ज्यांला सोताचं गाव ऱ्हायलं न्हाई, त्यांच्याच दारात आपून आपलं पोरगं मागून राहिलो व्हय?"

 मी तरी थांबले नाही. मजुरोतल्या एका शाळेचा पत्ता मिळाला होता, त्या शाळेला मी लिहिलं. सरकार उत्तर देत नाही तर मास्तर देईल, असा माझा हिशेब. आणि दिलं. तिथल्या एका शिक्षिकेचं पत्र आलं, आमच्या पहिल्या अर्जानंतर बरोबर तीन आठवड्यांनी. तीही समाजशास्त्र आणि भूगोल शिकवणारी. तिनं व्हिडिओ फोनवर बोलायची वेळ दिली.

आमच्याकडे सकाळचे दहा वाजले होते, तिच्याकडे दुपारचे साडेचार. शाळा सुटल्यावर ती वर्गातच बसली होती. माझ्याच वयाची, अंगानं भरलेली, केसांत फूल. मनात मी तिला मजुरोच्या बाई म्हणायला लागले. दोघींचं इंग्रजी पुस्तकी, त्यामुळे आम्हाला एकमेकींचं लगेच समजलं. बाईंनी आधी फोन हातात घेऊन बाहेर नेला आणि मला त्यांचा देश दाखवला. एका अंगाला आतलं पाणी, मधे रस्ता, दुसऱ्या अंगाला महासागर. दोन्हीकडचं पाणी एका जागी उभं राहून दिसत होतं. मोठ्या भरतीला लाटा रस्त्यावरून पलीकडे जातात, म्हणाल्या. काठावरच्या थडग्यांतली काही पाण्यानं नेली. प्यायचं पाणी पावसाचं. विमानतळाच्या धावपट्टीवर पडलेला पाऊस वाहून तळ्यांत साठवतात आणि तो गावाला देतात. मी म्हटलं, आमच्याकडे चैत्रात टँकर येतो. त्या हसल्या, मग मीही हसले. तीन आठवड्यांत पहिल्यांदाच.

मग मी त्यांना सरळ विचारलं, आमचं जहाज तुमच्या बंदरातून कधी निघालं, आणि त्याचा मालक कुठे राहतो.

त्यांचा चेहरा बदलला. हळू बोलायला लागल्या, मी वर्गातल्या मागे पडलेल्या मुलाशी बोलते तशा. म्हणाल्या, तुमचं जहाज इथे कधी आलेलं नाही. आमच्या गावाचं नाव मागे लिहिलेली हजारो जहाजं जगभर फिरतात. आम्ही ती बघितलेली नाहीत. ती सगळी एका दिवशी आली तर आमचं कडं बुडेल. मालक एका देशाचा असतो, माणसं दुसऱ्या देशांची, माल तिसऱ्याचा. नाव फक्त आमचं. ती कागदावरची नोंद आहे. त्या नोंदीतून आमच्या सरकारला उत्पन्न मिळतं, आणि दुसरं आमच्याकडे विकायला फार काही नाही. मासे आहेत, आणि क्षेपणास्त्रं टाकून बघायला अमेरिकेला दिलेलं एक बेट आहे.

 हे पासिंग नव्हतंच. एमएच अडतीसची गाडी एकदा तरी हिंगोलीत आलेली असते. ही पाटी अशी होती, की ज्या गावाचं नाव लिहिलंय त्या गावानं गाडी बघितलेली नाही आणि गाडीनं गाव बघितलेलं नाही. भाच्यानं तेच सांगायला तोंड उघडलं होतं, 'ह्ये जहाज तिकडं कधी', आणि मी 'बस' म्हटलं होतं.

मजुरोच्या बाई पुढे म्हणाल्या, त्यांची आजी बिकिनीची. कागदपत्रांवर मूळ गाव म्हणून अजून बिकिनीच लिहावं लागतं. पण त्या बेटावर आपण एक रात्रही झोपलेलो नाही, असं सांगताना त्या शांत होत्या. मला माझी आई आठवली. तिचं माहेर धरणात गेलं. मरेपर्यंत ती माहेरचं नाव सांगायची, आणि ऐकणारा विचारायचा, हे कुठं आलं. मी ते बाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, मग तुम्हाला आम्ही कोण आहोत हे सांगायला नको. खरं म्हणजे सांगायला हवं होतं. अठ्ठावीस वर्षं आधी सांगायला हवं होतं.

फोन ठेवण्याआधी त्यांनी कामाचं सांगितलं. माझं पत्र घेऊन त्या स्वतः तिथल्या जहाजं नोंदवणाऱ्या कचेरीत गेल्या होत्या. तिथे त्यांचा चुलत भाऊ कामाला. त्यानं सांगितलं, की असं टाकून दिलेल्या जहाजांसाठी विमा असतो. प्रत्येक जहाजावर, सगळ्यांना दिसेल अशा जागी, बहुतेक जेवायच्या खोलीत, त्या विम्याचा कागद भिंतीवर लावलेला असतो. त्याच्यावर नंबर असतो. त्या नंबरला कळवलं की अन्न, पाणी आणि घरी जायचं तिकीट देणं विमावाल्यांना भाग असतं. तुमच्या मुलाला म्हणा, भिंतीवरचा कागद बघ.

मला भाच्याचे शब्द आठवले. 'जेवायच्या खोलीत भिंतीला यक कागद.' तीन आठवडे झाले होते.

मी भाच्याला संदेश टाकला, भिंतीवरच्या त्या कागदाचा फोटो पाठव, लगेच. सिग्नल मिळाल्यावर त्याचं उत्तर आलं, "पाठवतो मावशी." मागोमाग फोटो आला. वेडावाकडा, पण नंबर स्पष्ट. मी तासाभरात कागदावरच्या ईमेल पत्त्यावर सगळं लिहून पाठवलं आणि त्या नोंदणीच्या कचेरीलाही कळवलं. दुसऱ्या दिवशी उत्तर आलं. चौथ्या दिवशी धान्य आणि पाणी घेऊन होडी जहाजाला लागली. पुढची कागदपत्रं सरकायला आणखी महिना गेला, पण आता पोटात अन्न होतं आणि आशा होती. पाडव्यानंतर पंधरवड्यानं पोरगं घरी आलं.

बहिणीनं अंगणात मांडव घातला. गावातली मंडळी जमली. पाव्हण्यांनी मला खुर्चीवर बसवलं, शाल घातली, नारळ दिला, आणि माइक घेऊन सांगितलं की आमच्या आक्कानं एका अख्ख्या देशाला अर्ज करून पोरगं ओढून आणलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. बहिणीनं आत नेऊन माझी ओटी भरली, माझ्या पायाशी वाकली, आणि तेव्हा रडली. मी शाल घेतली, नारळ घेतला, टाळ्याही घेतल्या. भाचा कोपऱ्यात उभा होता, खांद्याची हाडं सदऱ्यातून दिसत होती. तोही टाळ्या वाजवत होता.

जेवणं झाल्यावर आम्ही दोघं ओसरीवर बसलो. तो फोनमधले जहाजावरचे फोटो दाखवत होता. एका फोटोत सगळ्यांच्या मधे एक म्हातारा माणूस होता, पांढरी टोपी घातलेला.

"हा कोण?" मी विचारलं.

"आमचा कुक. फिलिपिन्सचा. आमी त्याला चाचा म्हणायचो. त्यो सोता अर्धा जेवायचा आन् आमाला वाढायचा. त्याला शुगर होती, मावशी. गोळ्या सरल्या. पायाला जखम झाली, ती वाढत गेली. पयली होडी आली तवा त्याच होडीनं त्याला नेलं. दवाखान्यात पाय काढला."

"डॉक्टर काय म्हणाले?"

त्यानं फोनची काच सदऱ्याला पुसली. मग म्हणाला, "म्हणले, उशीर झाला." आणि पुढचा फोटो दाखवायला लागला.

त्यानं माझ्याकडे बघितलं नाही. त्यावरूनच मला शंका आली. मी माझा फोन काढला आणि त्याच्याशी झालेलं सगळं बोलणं मागे मागे नेत गेले. शाळेच्या व्हॉट्सॲप गटांवरच्या फोटोंनी फोन भरतो, म्हणून फोटो आपोआप उतरू नयेत अशी सोय मी करून घेतलेली आहे. पहिल्या दिवशीच्या आवाजी संदेशाखाली, त्याच सकाळी आलेला, एक धुरकट चौकोन होता. त्याच्यावर बाण. मी तो कधी दाबलाच नव्हता. आता दाबला. तोच कागद, तोच नंबर.

पोरानं कागद पहिल्याच दिवशी पाठवला होता. फोनवर तो तेच सांगत होता. आणि तीन आठवड्यांनी मी 'लगेच पाठव' असा हुकूम सोडला, तेव्हा त्यानं 'पाठवलाय की' असं लिहिलं नाही. 'पाठवतो मावशी' लिहिलं आणि पुन्हा पाठवला. जहाजावर उपाशी बसून त्यानं माझी लाज राखली होती. आज टाळ्या वाजवल्या त्याही त्यासाठीच.

माझ्या अंगावर अजून शाल होती. ती काढली. मी स्वयंपाकघरात गेले. बहीण भांडी लावत होती. मी तिला फोन दाखवला, आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं. कागद, माझं 'राहू दे', तीन आठवडे, चाचाचा पाय. मधे ती बोलली नाही. माझ्यापुढे मधे कुणी बोलत नाही, ही सवय तिलाही होतीच. माझं संपल्यावर तिनं पदरानं हात पुसले. मला वाटत होतं, ती चिडेल. चिडली असती तर मला सुटल्यासारखं वाटलं असतं.

"माझं पोरगं आलं, आक्का," ती म्हणाली. "माझं काही म्हणणं न्हाई. पर त्या चाचाच्या बाईला कुणी सांगितलं का, उशीर काहून झाला ते?"

भाच्यानं मला चाचाच्या घरचा पत्ता दिला आहे. चाचाही बेटावरच राहतो. त्याची बायको इंग्रजी वाचते, असं भाचा सांगतो. एका देशाच्या राष्ट्राध्यक्षाला मी एका दुपारी अर्ज लिहिला होता, एक शब्द न अडखळता. ह्या बाईला लिहायचं पत्र चैत्रापासून टेबलावर आहे, आणि त्यात अजून फक्त पत्ता आहे.